घरावर बँकेची नोटीस: ताबा, लिलाव आणि कोर्टाचा दिलासा (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

हे प्रश्न महाराष्ट्रातल्या गृहकर्जदारांचे आहेत, आणि राहते घर तारण ठेवून धंद्यासाठी कर्ज काढलेल्या कुटुंबांचेही. कायदा मुख्यतः एकच, २००२ चा सरफेसी कायदा. त्याचे पूर्ण नाव इतके लांब आहे की वकीलही ते घेत नाहीत. या कायद्यामुळे बँकेला दिवाणी दावा न लावता घराचा ताबा घेऊन ते विकता येते. कर्जदाराच्या बाजूने त्यात जे आहे ते जवळजवळ सगळे तारखांना बांधलेले आहे. म्हणून बँकेकडून आलेले प्रत्येक पाकीट जपून ठेवा, नुसता आतला कागद नको. पाकिटावरचा टपालाचा शिक्का पुढे पुरावा म्हणून लागतो.

तीन हप्ते थकले आहेत. बँक लगेच घर घेते का?

लगेच नाही. हप्ता थकून ९० दिवस उलटले की खाते एनपीए होते, म्हणजे बँकेच्या भाषेत अनुत्पादक. त्याआधीच्या तीन महिन्यांत खात्यावर एसएमए-०, एसएमए-१, एसएमए-२ असे थकबाकीच्या इशाऱ्याचे शेरे पडतात. शाखेतून येणारे फोन साधारण याच काळातले. सरफेसीची कारवाई एनपीए झाल्यावरच सुरू होऊ शकते.

इथे बऱ्याच जणांना माहीत नसलेली एक गोष्ट आहे. एनपीए झालेले खाते नियमित करायला सगळे कर्ज फेडावे लागत नाही. थकलेले सगळे हप्ते आणि त्यांवरचे व्याज भरले की खाते पुन्हा ‘स्टँडर्ड’ होते. मात्र चार हप्ते थकले असताना दोन भरले तर काही साधत नाही. थकबाकी पूर्ण शून्यावर यावी लागते, हे रिझर्व्ह बँकेने नोव्हेंबर २०२१ मध्ये स्पष्ट केले आहे. भावाकडून, भिशीतून, सोने मोडून पैसे जमवणार असाल तर नेमका आकडा आधी शाखेतून लेखी घ्या. दोन हजार कमी पडले म्हणून खाते एनपीएतच राहिले, असे होते.

‘कलम १३(२)’ ची नोटीस आली आहे. ६० दिवस म्हणजे कधीपासून?

ही सगळी बाकी ६० दिवसांत भरा असे सांगणारी मागणीची नोटीस. कायद्यात शब्द ‘नोटिशीच्या तारखेपासून’ असे आहेत. हाती पडल्याच्या तारखेवरून वाद घालता येतो, पण स्वतःचा हिशेब नेहमी लवकरच्या तारखेपासून करा. नोटीस रजिस्टर पोस्टाने, स्पीड पोस्टाने, कुरिअरने येऊ शकते किंवा दारावर चिकटवली जाऊ शकते. ‘घेतली नाही’ म्हणून परत पाठवल्याने काही वाचत नाही. उलट पुढे कर्ज वसुली न्यायाधिकरणात, जिथे बँकेच्या कारवाईविरुद्ध दाद मागायची असते, तेच तुमच्याविरुद्ध दाखवले जाते.

नोटिशीत एकूण मागणी किती आणि कोणती मालमत्ता तारण आहे, हे दोन्ही लिहिलेले असले पाहिजे. सहकर्जदार आणि जामीनदार यांना वेगवेगळी नोटीस जायला हवी. फ्लॅट पत्नीच्याही नावावर आहे आणि नोटीस फक्त नवऱ्याला, हा दोष खरोखर आढळतो आणि तो मुद्दा न्यायाधिकरणात टिकतोही.

या नोटिशीनंतर बँकेच्या लेखी संमतीशिवाय घर विकता येत नाही, भाड्यानेही देता येत नाही.

या नोटिशीला उत्तर द्यायचे का? काय लिहायचे?

द्यायचेच. ६० दिवसांत लेखी हरकत दिली तर बँकेने १५ दिवसांत कारणांसह लेखी उत्तर देणे बंधनकारक आहे, कलम १३(३अ) प्रमाणे. उत्तर न देता बँक ताब्याकडे गेली तर तुमच्या हाती पहिला भक्कम मुद्दा येतो. नुसते उत्तर आवडले नाही म्हणून मात्र न्यायाधिकरणात जाता येत नाही. त्यासाठी बँकेने पुढचे पाऊल टाकावे लागते.

पत्रात ‘परिस्थिती हलाखीची आहे, सहकार्य करावे’ एवढेच लिहून पाठवणारे फार. ते लिहायला हरकत नाही, पण कामाचा भाग वेगळा. नोटिशीतली रक्कम आणि खातेउतारा समोरासमोर ठेवा आणि ओळीओळीने विचारा: एनपीएची तारीख कोणती धरली, अमुक तारखेला भरलेले ३८,००० रुपये कुठे जमा झाले, व्याजदर कोणत्या तारखेला बदलला आणि कळवले कधी, विम्याचा हप्ता कर्जखात्यात नावे का टाकला, दंडाच्या रकमेवर पुन्हा व्याज का लागले. शेवटचा प्रश्न विशेष महत्त्वाचा. रिझर्व्ह बँकेच्या २०२३ च्या सूचनेप्रमाणे दंड हा ‘शुल्क’ म्हणूनच लावता येतो, त्यावर व्याज चढवता येत नाही. नव्या कर्जांना हे १ एप्रिल २०२४ पासून लागू आहे.

सोबत देता येण्याजोगा प्रस्ताव लिहा: किती रक्कम, कोणत्या तारखेला, पैसा कुठून येणार. पत्र नोटिशीवर सही करणाऱ्या प्राधिकृत अधिकाऱ्याच्या नावे पाठवा, शाखाधिकाऱ्याच्या नाही. एक प्रत स्पीड पोस्टाने आणि एक समक्ष देऊन तारखेसह पोच घ्या. नुसत्या व्हॉट्सअॅपवर विसंबू नका.

एक सावधगिरी. पत्रात ‘संपूर्ण रक्कम मान्य आहे’ असे वाक्य घालू नका. रकमेवरचा वाद तिथेच संपतो.

दारावर ताब्याची नोटीस चिकटवून गेले, पण आम्ही घरातच आहोत. हा कसला ताबा?

हा प्रतीकात्मक ताबा, म्हणजे कागदावरचा. नियमाप्रमाणे नोटीस दारावर लावावी लागते आणि सात दिवसांच्या आत दोन वर्तमानपत्रांत छापावी लागते. त्यातले एक स्थानिक भाषेतले, म्हणजे आपल्याकडे मराठी. जाहिरातीचे कात्रण काढून ठेवा आणि त्यावर वर्तमानपत्राचे नाव, आवृत्ती व तारीख लिहा. आवृत्ती का? घर सांगलीत आणि जाहिरात भलत्याच जिल्ह्याच्या आवृत्तीत, असेही होते.

तुम्ही घरात राहत असलात तरी न्यायाधिकरणात जायचे घड्याळ इथूनच चालू होते. ‘अजून कुठे बाहेर काढलेय’ असे म्हणत थांबणे ही सगळ्यात महागडी चूक. प्रतीकात्मक ताब्याविरुद्धही दाद मागता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये हिंडन फोर्ज प्रकरणात सांगितले आहे.

दाद कुठे मागायची, किती दिवसांत?

कर्ज वसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत, कलम १७ खाली, ४५ दिवसांच्या आत. नोटीस १० जूनला लागली तर शेवटचा दिवस २५ जुलै. महाराष्ट्रात डीआरटी मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे आहेत. घर जिथे आहे किंवा कर्जखाते ज्या शाखेत आहे, तिथल्या डीआरटीत अर्ज करता येतो.

ताबा, प्रत्यक्ष ताबा, लिलावाची नोटीस या प्रत्येक पावलाविरुद्ध नव्याने ४५ दिवस मिळतात. पण लिलावाच्या वेळी आलेल्या माणसाचे पहिल्या नोटिशीतले दोष तितक्या आस्थेने ऐकले जात नाहीत. ‘तेव्हा का आला नाहीत’ हा प्रश्न येतोच. उशीर झालाच असेल तर उशीर माफीचा स्वतंत्र अर्ज जोडा आणि कारणाला कागद द्या, जसे की दवाखान्याचे डिस्चार्ज कार्ड. मात्र कलम १७ च्या अर्जाला ही माफी मिळेल असे धरून चालू नका.

अर्जाची फी किती? कागद कोणते?

फी बँकेने मागितलेल्या रकमेवर ठरते. कर्जदारासाठी मागणी १० लाखांच्या आत असेल तर प्रत्येक लाखाला किंवा त्याच्या भागाला ५०० रुपये. १० लाख आणि वर असेल तर ५,००० रुपये, अधिक १० लाखांवरच्या प्रत्येक लाखाला किंवा त्याच्या भागाला २५० रुपये, जास्तीत जास्त १ लाख. मागणी ३२,४०,००० ची असेल तर १० लाखांवरचे २२ लाख ४० हजार म्हणजे २३ भाग. ५,००० अधिक ५,७५०, एकूण १०,७५० रुपये. साडेसात लाखांच्या मागणीला ४,०००. भाडेकरूसारख्या तिसऱ्या पक्षाला फी कमी आहे. वकिलाची फी अर्थात वेगळी.

कागदांमध्ये सगळ्या नोटिसा पाकिटांसह, तुमची हरकत आणि पोच, बँकेचे उत्तर, मंजुरीपत्र, करारनामा, पहिल्यापासूनचा खातेउतारा, भरलेल्या पावत्या, वर्तमानपत्राची कात्रणे, दारावरच्या नोटिशीचा फोटो आणि घराचा नोंदणीकृत करार लागतो. उतारा बँक ‘देतो, देतो’ म्हणत लांबवते. मागणीचे पत्र देऊन ठेवा आणि त्याची पोच अर्जाला जोडा.

अर्ज दाखल केला की कारवाई थांबते ना?

नाही. अर्ज प्रलंबित असला तरी बँक पुढे जाऊ शकते. थांबवायचे असेल तर अर्जासोबत अंतरिम स्थगितीचा अर्ज द्यावा लागतो आणि तारीख लवकर लावून घ्यावी लागते. मुंबईत वकील याला ‘सर्क्युलेशन घेणे’ म्हणतात. बँकेने कॅव्हेट, म्हणजे ‘आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका’ असा अर्ज, टाकून ठेवलेले असू शकते. मग तिला प्रत दिल्याशिवाय एकतर्फी आदेश होत नाही. लिलावाच्या आदल्या दिवशी धावत गेलेल्या अर्जांचे पुष्कळदा इथेच अडते.

कायद्यात निकालाला ६० दिवस, फार तर चार महिने दिले आहेत. प्रत्यक्षात जास्त लागतात, म्हणून खरी लढाई अंतरिम आदेशाची असते.

स्थगितीसाठी किती पैसे भरावे लागतात?

कलम १७ च्या अर्जाला सक्तीचा भरणा नाही. आधी कायद्यात ७५ टक्के भरण्याची अट होती. ती सर्वोच्च न्यायालयाने ८ एप्रिल २००४ च्या मार्डिया केमिकल्स निकालात रद्द केली. पण स्थगिती देताना न्यायाधिकरण ‘काहीतरी भरा’ म्हणतेच. ठरलेला टक्का नाही. मुद्दा किती भक्कम आहे, थकबाकी किती आणि तुम्ही आजवर काय भरले, यावर ते ठरते.

त्यामुळे पहिल्या तारखेला रिकाम्या हाताने जाऊ नका. थकबाकीचा ठळक भाग डिमांड ड्राफ्टने सोबत असेल तर बोलण्याचा सूर बदलतो. आणि झेपेल तेवढेच कबूल करा. ‘१५ दिवसांत १० लाख भरतो’ म्हणून स्थगिती घेतली आणि भरले नाहीत, तर स्थगिती आपोआप उठते. पुढच्या वेळी त्या माणसाच्या शब्दाला किंमत राहत नाही.

कोणते मुद्दे टिकतात?

न्यायाधिकरण बघते ते बँक कायद्याच्या पायऱ्या चढली की उड्या मारत गेली एवढेच. टिकणारे मुद्दे असे: ६० दिवस पुरे होण्याआधी पाऊल उचलले, हरकतीला उत्तरच नाही, एनपीएची तारीख चुकीची, मालमत्तेचे वर्णन चुकले (दुसऱ्याच विंगचा फ्लॅट), जाहिरात मराठीत नाही, लिलावाला पुरेसे दिवस दिले नाहीत. शिवाय बाकी रक्कम एक लाखाच्या आत असेल, किंवा मुद्दल व व्याजाच्या २० टक्क्यांपेक्षा कमी उरली असेल, तर हा कायदा लागूच होत नाही. पंधरा वर्षे हप्ते भरून शेवटच्या टप्प्यात अडखळलेल्यांनी हा हिशेब आधी करावा. बँकेने तारणाची नोंद सरसाई या केंद्रीय नोंदवहीत केली आहे का, हेही तपासा. २४ जानेवारी २०२० पासून त्या नोंदीशिवाय बँकेला ही कारवाई करता येत नाही.

नोकरी गेली, घरात आजारपण आहे, मुलांची परीक्षा आहे, या मुद्द्यांवर आदेश रद्द होत नाहीत. मुदत मिळू शकते.

प्रत्यक्ष ताब्याचा आदेश कोण देते? तिथे आमचे म्हणणे ऐकतात का?

जिल्ह्यात जिल्हाधिकारी किंवा मुख्य न्यायदंडाधिकारी, मुंबईत किल्ला कोर्टातले मुख्य दंडाधिकारी, कलम १४ खाली. बँकेने नऊ मुद्द्यांचे शपथपत्र द्यायचे असते आणि आदेश ३० दिवसांत, फार तर ६० दिवसांत व्हायचा असतो. ही मुदत उलटली म्हणून आदेश मोडत नाही.

ऐकतात का? नाही. तिथे वाद चालत नाही. नाशिककडच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये पुन्हा सांगितले की हे काम प्रशासकीय आहे, वाद डीआरटीत न्या. तरी एक काम जरूर करा. आदेशाची आणि बँकेच्या शपथपत्राची प्रमाणित नक्कल काढा. ‘कर्जदाराची हरकत आली नाही’ असे शपथेवर लिहिले असेल आणि तुमच्याकडे पोच असेल, तर तो कागद डीआरटीत सोन्यासारखा आहे.

ताब्याच्या दिवशी नेमके काय होते?

तहसील कार्यालयाचा माणूस किंवा कोर्टाने नेमलेला वकील-आयुक्त, बँकेचा अधिकारी, पोलीस, पंच आणि कुलूपवाला. बहुधा आधी नोटीस लावून तारीख कळवलेली असते. दार उघडले नाही तर तोडण्याचा अधिकार आदेशातच असतो. घरातल्या सामानाची यादी होते, पंचनामा होतो, कुलूप आणि सील लागते.

भांडी, कपडे, फ्रीज, देवघर हे तारण नाही. ते तुमचेच. त्या दिवशी आधी बाहेर काढायचे ते औषधे, शाळेची आणि ओळखीची कागदपत्रे, दागिने आणि कोर्टाची फाइल. फाइल आत राहिली आणि घराला सील लागले, तर दुसऱ्या दिवशीचा अर्जही लिहिता येत नाही. पंचनाम्यावर सही करताना यादी वाचा. चूक असेल तर ‘हरकतीसह’ असे लिहून सही करा. राहिलेले सामान न्यायला तारीख द्या असे पत्र बँकेला लगेच द्या.

लेखी हमी दिली तर आयुक्त काही दिवस थांबतात, पण तो त्यांचा हक्काबाहेरचा उदारपणा समजा. आणि सील तोडून आत जाऊ नका. मग दिवाणी अडचणीला फौजदारी गुन्हा जोडला जातो.

लिलावाची जाहिरात आली. अजून पैसे भरून घर सोडवता येते?

इथे २०१६ च्या दुरुस्तीने दार अरुंद केले. कलम १३(८) प्रमाणे सगळी बाकी आणि खर्च भरून घर सोडवण्याचा हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच आहे. आधी विक्री पुरी होईपर्यंत वेळ असे, आणि गावोगावचे सल्लागार अजून तेच सांगतात. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२३ मध्ये बाफना मोटर्स प्रकरणात हे पक्के केले. त्यात लिलावात बोली जिंकणाऱ्याला संरक्षण मिळाले आणि कर्जदाराने नंतर आणलेले पैसे कामी आले नाहीत.

म्हणून पैशांची सोय होत असेल तर जाहिरातीच्या आधी ती बँकेपर्यंत लेखी पोचवा. जाहिरातीनंतर हाती उरतात ते लिलावातले दोष. पहिल्या विक्रीला ३० दिवसांची नोटीस हवी, ती फसली तर पुढच्या वेळी १५ दिवसांची पुरते. जिंकणाऱ्याने २५ टक्के त्याच दिवशी किंवा फार तर दुसऱ्या कामाच्या दिवशी भरायचे, उरलेले विक्री कायम झाल्यापासून १५ दिवसांत. मुदत वाढवली तरी एकूण तीन महिन्यांच्या पुढे नाही. या तारखा बँकेकडून मागवून घ्या. यातली एखादी चुकली की विक्री वादात आणता येते.

राखीव किंमत फारच कमी लावली आहे. काय करता येते?

किंमत ठरवण्याआधी मान्यताप्राप्त मूल्यांककाचा अहवाल घेणे बँकेला बंधनकारक आहे. तो मागा. स्वतः दुसऱ्या मूल्यांककाकडून अहवाल करून घ्या. त्याच इमारतीतल्या किंवा गल्लीतल्या अलीकडच्या नोंदणीकृत व्यवहारांची सूची-२, म्हणजे नोंदणी कार्यालयातला व्यवहाराचा उतारा, काढून जोडा. ‘एजंट म्हणतो ७० लाख येतील’ याला वजन नाही. त्याहून वजनदार म्हणजे जास्त रक्कम द्यायला तयार असलेला खरा गिऱ्हाईक, रकमेच्या पुराव्यासह. राखीव किमतीपेक्षा कमीला विकायचे तर तुमची आणि बँकेची, दोघांची संमती लागते.

मग घर आपणच विकले तर?

पुष्कळ घरांसाठी हाच सगळ्यात शहाणा मार्ग आहे, आणि कोणी सांगत नाही. लिलावात घर पडत्या भावाने जाते, वर जाहिरात, वकील आणि पहारेकऱ्याचा खर्च तुमच्याच खात्यात पडतो. बँकेची लेखी परवानगी घ्या. बँक, तुम्ही आणि गिऱ्हाईक असा त्रिपक्षीय करार करा. गिऱ्हाइकाचा पैसा थेट कर्जखात्यात, उरलेला तुम्हाला. हे लिलावाच्या जाहिरातीआधी व्हायला हवे. नंतर गिऱ्हाईक बिचकतो आणि त्याची बँकही.

बँक तडजोड करत नाही. ओटीएस कोर्टाकडून मिळवता येईल?

नाही. एकरकमी तडजोड हा हक्क नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२१ मध्ये बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या प्रकरणात सांगितले. बँकेचे स्वतःचे धोरण असेल तर त्यात बसतो हे दाखवून मागा. राष्ट्रीय लोक अदालत ही मात्र खरी संधी. मार्चअखेरीच्या आसपास बँकांचे हात जरा सैल असतात. तिथला निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही. म्हणून हप्त्यांच्या तारखा तिथेच नीट बसवून घ्या. ‘एक हप्ता चुकला तर सूट रद्द’ हे कलम बहुतेक वेळा असतेच.

दिवाणी कोर्ट किंवा थेट हायकोर्ट?

कलम ३४ मुळे दिवाणी कोर्टाचे दार बंद आहे. बँकेने उघड फसवणूक केल्याचा अपवाद अगदी अरुंद आहे. हायकोर्टही पहिल्या झटक्यात ‘डीआरटीत जा’ म्हणते, २०१० च्या सत्यवती टंडन निकालापासून. डीआरटीत पीठासीन अधिकारीच नेमलेला नसेल आणि उद्या ताबा जात असेल, अशा वेळी थोड्या मुदतीपुरता दिलासा मागता येतो. हायकोर्टातली रिट याचिका फेटाळली जाईपर्यंत इकडे डीआरटीचे ४५ दिवस निघून जातात, हे विसरू नका.

डीआरटीने नाकारले तर ३० दिवसांत अपिलीय न्यायाधिकरण, मुंबईला. तिथे मात्र ५० टक्के भरणा सक्तीचा आहे. कारणे पटली तर २५ टक्क्यांपर्यंत खाली येतो, त्याखाली नाही.

कर्ज सहकारी बँकेचे, पतसंस्थेचे किंवा फायनान्स कंपनीचे असेल तर?

सहकारी बँकेला सरफेसी लागू आहे. कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या बँकेच्या प्रकरणात घटनापीठाने ५ मे २०२० रोजी तो वाद संपवला.

पतसंस्थेचा रस्ता वेगळा. ती महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ खाली उपनिबंधक किंवा सहायक निबंधकांकडून वसुली दाखला घेते. तिथे सुनावणी असते, आणि लोक तिलाच जात नाहीत! समन्स आले की हजर राहा, हिशेबावर लेखी म्हणणे द्या. दाखला निघाल्यावर कलम १५४ ची पुनरीक्षण याचिका दोन महिन्यांत करता येते, पण वसूलपात्र रकमेच्या ५० टक्के आधी संस्थेत भरावे लागतात. पुढे कलम १५६ आणि नियम १०७ प्रमाणे जप्ती व विक्री. विक्रीनंतरही ३० दिवसांत थकबाकी आणि खरेदीदारासाठी किमतीच्या ५ टक्के भरून विक्री रद्द करून मागता येते. सरफेसीत अशी सोय नाही.

फायनान्स कंपनीला, म्हणजे एनबीएफसीला, सरफेसी वापरायला कर्ज २० लाख किंवा त्याहून जास्त असावे लागते. त्याखालच्या कर्जात ती लवादाकडे जाते. गृहवित्त कंपन्यांना ही २० लाखांची अट नाही, त्यामुळे मंजुरीपत्रावर कंपनीचा प्रकार कोणता ते बघा.

घर शेतजमिनीवर आहे. सात-बारा शेतीचाच आहे.

शेतजमिनीवरच्या तारणाला हा कायदा लागू नाही. पण नुसत्या सात-बाऱ्याने भागत नाही. प्रत्यक्षात शेती चालते का, हे पाहतात आणि ते तुम्ही सिद्ध करायचे असते. पीकपाहणी, पीककर्ज, विहीर आणि वीजजोडणीचे कागद कामी येतात. गावठाणातल्या घराला हा बचाव मिळत नाही.

कर्जदार वारले आहेत.

मृत व्यक्तीच्या नावाने काढलेली नोटीस चालत नाही, वारसांना द्यावी लागते. वारसांची जबाबदारी मिळालेल्या मालमत्तेपुरतीच. पहिले काम म्हणजे मंजुरीपत्रात कर्जविमा शोधा आणि दावा दाखल करा. विम्याचा हप्ता बँकेने कापला होता आणि दावा अडकला आहे, हा स्थगितीसाठी चांगला मुद्दा आहे.

आम्ही भाडेकरू आहोत.

भाडेकरार तारणाच्या आधीचा आणि नोंदणीकृत असेल तर डीआरटीत कलम १७(४अ) खाली दाद मागा. तोंडी भाड्यावर फार आशा ठेवू नका.

मुलगा परदेशात आहे आणि तो सहकर्जदार आहे.

त्याने इथल्या कोणाच्या तरी नावे कुलमुखत्यारपत्र करून द्यावे लागेल. ते तिथल्या भारतीय वकिलातीत किंवा नोटरीसमोर करून घ्या. कागद राज्यात पोचल्यापासून तीन महिन्यांत त्यावर मुद्रांक भरा. ४५ दिवसांच्या हिशेबात हा टपालाचा वेळही धरा.

वकिलाला द्यायला पैसे नाहीत.

जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा, हेल्पलाइन १५१००. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि अपंग यांना उत्पन्नाची अट नाही. इतरांना महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्न ३ लाखांच्या आत हवे. घर पत्नीच्याही नावावर असेल तर अर्ज तिच्या नावाने करा.

‘दोन टक्के द्या, स्टे आणून देतो’ म्हणणारे एजंट लिलावाची जाहिरात वाचूनच तुमच्या दारी येतात. पैसा फक्त कर्जखात्यात किंवा न्यायाधिकरणात भरा.

वसुलीवाले रात्री येतात, शेजाऱ्यांना सांगतात.

वसुलीसाठी फोन सकाळी ८ ते संध्याकाळी ७ या वेळेतच करता येतो, आणि अपमान किंवा धमकी चालत नाही. आधी बँकेकडे लेखी तक्रार करा. ३० दिवसांत उत्तर आले नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा, फोन १४४४८. लोकपाल ताबा थांबवत नाही, पण तक्रारीची नोंद डीआरटीत दाखवता येते.

लिलावातून जास्त पैसे आले तर? कमी आले तर?

जास्तीचे तुमचे, कलम १३(७) प्रमाणे. खर्चाचा तपशील मागून मगच हिशेब माना. कमी पडले तर उरलेल्या रकमेसाठी बँक डीआरटीत किंवा दिवाणी कोर्टात जाऊ शकते आणि जामीनदारालाही धरू शकते.

कारवाई बेकायदा ठरली तर?

डीआरटी ताबा परत देण्याचा आदेश देऊ शकते, आणि कलम १९ खाली भरपाई व खर्चही. अर्जाच्या मागणीत हे पहिल्यापासून लिहून ठेवा. नंतर सुचले तर दुरुस्तीचा अर्ज, म्हणजे आणखी एक तारीख.

सगळे भरून टाकले. घराचे मूळ कागद कधी मिळतात?

३० दिवसांच्या आत. उशीर बँकेमुळे झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये तिने तुम्हाला द्यायचे, १ डिसेंबर २०२३ पासून. कागदांसोबत नो-ड्यूज, म्हणजे काही बाकी नसल्याचा दाखला, घ्या, सरसाईची नोंद काढून घ्या, गावात सात-बाऱ्यावरचा किंवा मिळकत पत्रिकेवरचा बोजा कमी करायला तलाठ्याकडे किंवा नगर भूमापन कार्यालयात अर्ज द्या, आणि डीआरटीत अर्ज चालू असेल तर तो तडजोडीची नोंद करूनच काढून घ्या.